समोरच्याने ‘ही केस इथे चालतच नाही’ म्हटलं तर काय करायचं

बांद्र्याच्या फॅमिली कोर्टात पहिल्याच तारखेला समोरचा वकील उभा राहून ‘ही केस इथे चालतच नाही’ म्हणाला आणि तसा अर्ज दिला की आपली माणसं हबकतात. हबकू नका, पण गप्पही बसू नका, त्या अर्जावर आपला से (म्हणजे लेखी उत्तर) पुढच्याच तारखेला देऊन टाका, कारण से नाही म्हणून अर्ज पेंडिंग राहिला की पोटगीचा अर्जही त्याच्यासोबत लटकतो आणि खरं सांगायचं तर कित्येकदा ऑब्जेक्शन तेवढ्यासाठीच घेतलेलं असतं.

से लिहायच्या आधी बघायचं ते एवढंच की ऑब्जेक्शन नुसती पिटिशन वाचून ठरतंय का त्याला पुरावा लागतोय. सिव्हिल प्रोसिजर कोडच्या (दिवाणी खटल्यांच्या कायद्याच्या) ऑर्डर ७ रूल ११ चा, म्हणजे पिटिशन सुरुवातीलाच फेटाळा म्हणणारा अर्ज असेल तर कोर्ट फक्त पिटिशन आणि तिच्यासोबतचे कागद बघतं, नवरा अर्जात काय म्हणतो त्याला तिथे किंमत नाही. लग्नाला वर्ष झालं नाही आणि घटस्फोट मागितलाय, हे तारखेवरूनच दिसतं, तिथे हिंदू मॅरेज ॲक्टचं कलम १४ आडवं येतं (फारच हाल असतील तर परवानगी मागता येते, पण ती वेगळी मागावी लागते). सही, व्हेरिफिकेशन (मजकूर खरा असल्याची कबुली) राहिलं असली ऑब्जेक्शनं म्हणजे दुरुस्तीला वेळ मागायचा आणि मोकळं व्हायचं.

खरी मारामारी जुरिसडिक्शनवर, म्हणजे या कोर्टाला ही केस चालवायचा अधिकार आहे का यावर होते. समजा लग्न रत्नागिरीत, संसार डोंबिवलीत, आणि आता बायको लालबागला आईकडे राहते. नवरा म्हणतो बांद्र्याचा संबंधच काय. संबंध आहे, हिंदू मॅरेज ॲक्टच्या २००३ च्या दुरुस्तीनंतर पिटिशन दाखल करताना बायको जिथे राहते तिथेही तिला केस करता येते, नवऱ्याला मात्र ही सोय नाही. मग नवरा म्हणणार की ती लालबागला राहतच नाही, आणि इथे गंमत आहे, हा झाला पुराव्याचा प्रश्न, तो ऑर्डर १४ रूल २ खाली प्रिलिमिनरी इश्यू (बाकी केसच्या आधी ठरवायचा मुद्दा) म्हणून आधी काढता येत नाही, तिथे फक्त कायद्याचा निव्वळ मुद्दा चालतो. सेमध्ये हे ठणकावून लिहा आणि आधार कार्ड, आईच्या घराचं लाइट बिल, बँकेचा पत्ता जोडा. मुलाच्या ताब्याची केस असेल तर आईबापाचा पत्ता बाजूला, मूल एरवी कुठे राहतं ते बघतात, म्हणून शाळेचं बोनाफाइड आणा.

जुने वकील अजून ‘नाइन ए’ (सिव्हिल प्रोसिजर कोडचं कलम ९-ए) म्हणतात, त्यात पुरावा घेऊनही जुरिसडिक्शन आधी ठरवायचे, पण महाराष्ट्राने ते कलम २०१८ मध्ये काढून टाकलंय.

सेच्या शेवटी एक ओळ टाकाच, की अंतरिम पोटगीचं काम या अर्जासाठी थांबवू नये. आणि त्याच दिवशी आपलं असेट्स-लायबिलिटीजचं ॲफिडेव्हिट द्या, २०२० पासून ते दोघांनाही सक्तीचं आहे, आपलं आलं की समोरच्याला टाळता येत नाही.

तुम्हीच ऑब्जेक्शन घेणारे असाल तर जागेचं ऑब्जेक्शन पहिल्या संधीलाच घ्या, इश्यू फ्रेम झाल्यावर (कोर्टाने वादाचे मुद्दे ठरवल्यावर) आठवून उपयोग नाही, आणि अर्ज दिला म्हणून लेखी कैफियतीची (मूळ पिटिशनला द्यायच्या उत्तराची) मुदत थांबत नाही, ती सोबत तयार ठेवा.

ऑर्डर झाली की नीट वाचा. जुरिसडिक्शन नाही म्हटलं तर पिटिशन परत मिळते, योग्य कोर्टात लावता येते, केस मेली असं नाही. अर्ज फेटाळला गेला तर समोरच्याला फॅमिली कोर्ट ॲक्टच्या कलम १९ खाली अपील नाही, त्याला फोर्टला हायकोर्टात रिटच करावी लागते. तिथून स्टे (स्थगिती) आणला नसेल आणि तरी तो ‘रिट केलीय’ म्हणून तारीख मागत असेल तर विरोध करा आणि तो विरोध रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या कामाच्या नोंदीत) लिहून घ्यायला लावा.