नुसतं ‘आरटीए’ पुरत नाही: वाहन अपघातांच्या कोडिंगमध्ये या चुका टाळा

कॅज्युअल्टीच्या केसपेपरवर घाईघाईत लिहिलेलं असतं: ‘आरटीए (रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंट), डोक्याला मार, दोन उलट्या.’ पेपर रेकॉर्ड रूममध्ये येतो. कोडर, म्हणजे आजार-दुखापतींना ठरलेले कोड देणारा कर्मचारी, सीटी स्कॅनचा रिपोर्ट नीट वाचतो, सबड्युरल (मेंदूच्या आवरणाखालच्या) रक्तस्रावाचा एस०६.५ लावतो, अपघातासाठी व्ही८९.२ टाकतो आणि पुढचा पेपर उचलतो. नियमाने यात चूक नाही. फक्त ‘रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंट’ एवढीच माहिती असेल तर आयसीडी-१० ची, म्हणजे आजार-दुखापतींच्या आंतरराष्ट्रीय कोडसूचीची, अनुक्रमणिका तिथेच पोहोचवते. पण जखमी माणूस पायी होता, दुचाकीवर होता की एसटीत बसला होता, हे त्या कोडवरून कळत नाही. तालुक्यात पादचारी जास्त दगावतात की दुचाकीस्वार, हे ज्या आकड्यांवरून समजायला हवं, ते आकडे इथेच हरवतात. म्हणून मला ही सगळ्यात मोठी चूक वाटते.

खरं तर माहिती बहुतेक वेळा त्याच फाइलमध्ये असते. एमएलसी (मेडिको-लीगल केस) रजिस्टर, १०८ रुग्णवाहिकेचा कागद, नर्सिंग नोट्स यांतल्या एखाद्या ओळीत ‘मोटरसायकलवरून येताना ट्रकची धडक’ असं लिहिलेलं सापडतं. व्ही८९.२ टाकण्याआधी हे तीन कागद उघडाच.

आधी जखमी, मग धडकलेलं वाहन

नवीन मुलं हमखास अडखळतात ती इथे. कारने पायी जाणाऱ्याला उडवलं की डोक्यात ‘कार’ राहते आणि कोड व्ही४३ पडतो. आयसीडी-१० मधल्या या वाहन अपघातांच्या कोडांची रचना जखमी माणसापासून सुरू होते. तो पायी असेल तर व्ही०१ ते व्ही०९, सायकलवर व्ही१०-१९, मोटरसायकल किंवा स्कूटरवर व्ही२०-२९, रिक्षात व्ही३०-३९, कारमध्ये व्ही४०-४९, पिकअप किंवा व्हॅनमध्ये व्ही५०-५९, ट्रकमध्ये व्ही६०-६९, बसमध्ये व्ही७०-७९. टिंबाआधीचा शेवटचा आकडा धडक कशाशी झाली ते सांगतो. कारने उडवलेला पादचारी म्हणजे व्ही०३, आणि रस्त्यावर घडलं असेल तर व्ही०३.१.

पादचारी म्हणजे फक्त चालणारा माणूस नव्हे. भाजीची हातगाडी ढकलणारा, व्हीलचेअरवरचा, एक्स्प्रेसवेवर गाडी कडेला घेऊन टायर बदलणारा, हे सगळे पादचारीच. टायर बदलताना ट्रकने ठोकलं तर व्ही०४.१, मग त्याची स्वतःची कार दोन हातांवर उभी का असेना. एसटीतून उतरून रस्ता ओलांडताना मोटरसायकलची धडक बसली तर तोही पादचारी, व्ही०२.१. उतरता उतरताच पडला असेल तर मात्र तो अजून बसचाच प्रवासी.

‘टेम्पो’ हा शब्द दिसला की थांबा आणि चाकं किती ते विचारा. तीन असतील तर रिक्षाचा गट, चार असतील तर पिकअपचा. ऊस वाहणाऱ्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवरून पडलेला मजूर ट्रकच्या गटात टाकलेला मी अनेकदा पाहिला आहे. शेतीच्या वाहनांना व्ही८४ आहे आणि त्यात ट्रॉलीही येते. बैलगाडीतल्या माणसासाठी व्ही८०.

चौथा आकडा

पाठांतरावर काम करणाऱ्यांना टिंबानंतरचा हा आकडा फसवतो. सायकल आणि मोटरसायकलच्या गटांत रस्त्यावरच्या अपघातात .४ म्हणजे चालक, .५ म्हणजे मागे बसलेला. रिक्षापासून बसपर्यंतच्या गटांत मात्र .४ म्हणजे चढता-उतरताना जखमी झालेला, .५ चालक, .६ प्रवासी आणि .७ बाहेर लटकलेला. दिवसभर दुचाकीचे पेपर करून कारचा पेपर हातात घेतला की बोट आपोआप .४ वर जातं, आणि स्टिअरिंगमागे बसलेला माणूस कागदावर दारातून उतरताना पडतो. तक्ता टेबलावर चिकटवून ठेवा. वडापच्या जीपला मागे लटकून जाणाऱ्यांमुळे आपल्याकडे .७ खरोखर लागतो. तोही विसरू नका.

घसरून पडणं म्हणजे धडक नव्हे. वाळूवर स्कूटर घसरली तर चालकाला व्ही२८.४, आणि गतिरोधकावर मागे बसलेली बाई उडून पडली तर व्ही२८.५. कुत्र्याला धडकून पडला तर व्ही२०. कुत्र्याला चुकवताना, कशालाही न धडकता पडला तर पुन्हा व्ही२८. जागा लिहिलेली नसेल तर मोटार अपघात रस्त्यावरचाच धरायचा, असा नियम आहे.

लोकल

मुंबई, ठाणे, कल्याणच्या रुग्णालयांत हे रोजचं आहे. धावत्या गाडीतून पडला तर व्ही८१.६, चढताना-उतरताना पडला तर व्ही८१.४, रूळ ओलांडताना गाडीने धडक दिली तर व्ही०५. स्वतःहून गाडीपुढे आल्याची नोंद असेल तर एक्स८१, आणि चौकशीनंतरही हेतू ठरवता आला नाही असं नोंदवलेलं असेल तर वाय३१. हेतू कोडरने आपल्या अंदाजाने ठरवायचा नाही. त्या एका अक्षरामागे एक घर असतं.

मृत्यू झाला असेल तर

फॉर्म ४ वर, म्हणजे रुग्णालयातल्या मृत्यूच्या कारणाच्या दाखल्यावर, मृत्यूचं कारण ‘हेड इन्ज्युरी’ असतं आणि मूळ कारण म्हणूनही एस०६ जातं. मृत्यूच्या आकडेवारीत मूळ कारण म्हणून बाह्य कारणाचाच (दुखापत कशामुळे झाली त्याचा) कोड लागतो, दुखापतीचा कोड सोबत. त्यासाठी फॉर्मवरचा ‘दुखापत कशी झाली’ हा रकाना भरलेला हवा. तो कोरा असेल तर फॉर्म डॉक्टरांकडे परत पाठवा, संकोच करू नका. भरती रुग्णाचं उलट असतं: मुख्य निदान दुखापतीचं, अपघाताचा कोड जोडीला. जुन्या अपघाताच्या राहिलेल्या परिणामांसाठी आलेल्याला आजचा अपघात लावू नका. मांडीच्या जुन्या फ्रॅक्चरने पाय आखूड राहिला असेल तर टी९३.१ आणि वाय८५.०.

पुण्या-मुंबईत बसून अमेरिकन रुग्णालयांचं कोडिंग करणाऱ्यांसाठी: तिकडच्या आवृत्तीत सातव्या जागी येणारा ‘ए’ पहिल्या भेटीचा नसून सक्रिय उपचार सुरू असल्याचा आहे.

महिनाअखेरीस एक्सेलमध्ये दोन फिल्टर लावा. एक व्ही८९ साठी, दुसरा दुखापतीचा एस कोड असून व्ही, डब्ल्यू, एक्स, वाय यांपैकी काहीच नसलेल्या पेपरांसाठी. निघालेल्या फाइल पुन्हा उघडा. आणि कॅज्युअल्टीच्या सिस्टरांना विनंती करून केसपेपरवर मारायला एक रबरी शिक्का बनवून घ्या: कशावर होता, चालवत होता की बसला होता, कशाला धडकला, कुठे. नातेवाईक समोर उभे असतात तेव्हाच ही चार उत्तरं मिळतात.