नगरपरिषदेत नव्याने रुजू होताना: सभा, मुख्याधिकारी आणि नस्तीचा प्रवास

नगरपरिषदेच्या सेवेत रुजू होणाऱ्या नव्या सहकाऱ्यांना कायद्याची कलमे परीक्षेच्या अभ्यासामुळे बऱ्यापैकी पाठ असतात. मात्र समोर आलेला एखादा विषय नेमका कोणाच्या अधिकारात येतो, हे कार्यालयात बसल्यावर चटकन उमगत नाही. कर आणि प्रशासन शाखेत काम करताना, 'क' आणि 'ब' अशा दोन्ही वर्गांच्या नगरपरिषदांमध्ये, माझ्या लक्षात आले की विलंब, वाद आणि पुढे निघणारे लेखाआक्षेप (लेखापरीक्षणातील हरकती) यांचे मूळ बहुधा याच संभ्रमात असते. म्हणून जे मला उशिरा समजले, ते येथे मांडत आहे.

सर्वप्रथम आपली संस्था कोणत्या अधिनियमाखाली चालते, हे पक्के करून घ्यावे. महाराष्ट्रातील नगरपरिषदा आणि नगरपंचायती १९६५ च्या अधिनियमानुसार चालतात. मुंबई महानगरपालिकेसाठी १८८८ चा स्वतंत्र कायदा आहे, तर इतर महानगरपालिकांना १९४९ चा अधिनियम लागू होतो. हा फरक केवळ नावापुरता नाही. महानगरपालिकेत महापौरांची निवड नगरसेवक अडीच वर्षांसाठी करतात आणि स्थायी समितीचा सभापती वेगळा असतो. नगरपरिषदेत मात्र सध्याच्या तरतुदीनुसार नगराध्यक्ष थेट मतदारांकडून निवडून येतात आणि स्थायी समितीचे सभापतीही पदसिद्ध तेच असतात. त्यामुळे महानगरपालिकेतील मित्राने सांगितलेली कार्यपद्धती आपल्या नस्तीत, म्हणजे कामाच्या फाइलमध्ये, जशीच्या तशी उतरवू नये. लोकसंख्येनुसार नगरपरिषदांचे अ, ब आणि क असे वर्ग आहेत. एक लाखाहून अधिक लोकसंख्या असल्यास 'अ', चाळीस हजारांहून अधिक असल्यास 'ब' आणि त्याखालील 'क', असे ते ढोबळमानाने सांगता येतील. कर्मचाऱ्यांचा आकृतिबंध, म्हणजे मंजूर पदांची रचना, याच वर्गाशी जोडलेला असतो. 'क' वर्गात एकाच लिपिकाकडे जन्म-मृत्यू नोंदणी, परवाने आणि आस्थापना असे तीन कार्यभार असणे मुळीच नवलाचे नाही.

आता मुख्य मुद्दा. धोरण ठरवणे, खर्चाला मान्यता देणे आणि कराचे दर निश्चित करणे हे सभेचे, म्हणजे निवडून आलेल्या सदस्यांच्या बैठकीचे, काम आहे, तर अंमलबजावणी आणि कर्मचाऱ्यांवरील नियंत्रण ही मुख्याधिकाऱ्यांची, म्हणजे कार्यालयाच्या प्रशासकीय प्रमुखांची, जबाबदारी आहे. मुख्याधिकारी सभेला उपस्थित राहतात, खुलासा करतात, एखादा ठराव नियमबाह्य वाटल्यास तसे सभेच्या निदर्शनास आणतात, परंतु त्यांना मताचा अधिकार नसतो. याची दुसरी बाजू अशी, की नगरसेवकाचा अधिकार हा सभेचा सदस्य म्हणून असतो. एकट्या नगरसेवकाच्या तोंडी सूचनेवरून नळजोडणी देता येत नाही किंवा कराची नोंद बदलता येत नाही. असे असले तरी त्यांना परतवून लावणे सर्वथा चूक आहे, कारण गटार तुंबल्याची तक्रार घेऊन नागरिक आधी त्यांच्याच दारी जातात आणि प्रभागाची माहिती त्यांच्याइतकी कार्यालयात कोणालाही नसते. त्यांचे म्हणणे लेखी घ्यावे, आवक क्रमांक द्यावा आणि विषय योग्य विभागाकडे पाठवावा. हे आदराचेही आहे आणि नियमाचेही.

ही व्यवस्था समजून घेण्यासाठी पहिल्या महिन्यातच एखाद्या पूर्ण झालेल्या कामाची नस्ती मागून घ्यावी आणि ती पहिल्या पानापासून वाचावी. साध्या सिमेंट गटाराची नस्ती घेतली तरी पुरे. त्यात प्रथम नागरिकांचा अर्ज आणि त्यावर मुख्याधिकाऱ्यांचा शेरा सापडेल. त्यानंतर शाखा अभियंत्याचा पाहणी अहवाल, दरसूचीनुसार केलेले अंदाजपत्रक आणि तांत्रिक मान्यता येते. पुढे लेखा विभागाचा अभिप्राय असतो, की अमुक लेखाशीर्षाखाली (खर्चाच्या बाबीखाली) एवढी तरतूद आहे आणि त्यातील एवढी शिल्लक आहे. हा अभिप्राय मला संपूर्ण नस्तीतील सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण निधी कोणत्या प्रकारचा आहे, यावर पुढचे सारे अवलंबून असते. पंधराव्या वित्त आयोगाचे बंधित अनुदान पाणी आणि स्वच्छता यांच्याशी संबंधित कामांखेरीज वापरता येत नाही, आणि अबंधित असले तरी त्यातून वेतन भागवता येत नाही. त्यानंतर सभेचा किंवा समितीचा ठराव, निविदा, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेतील नोंदी आणि शेवटी देयक. प्रत्येक सही कोणाची, कोणत्या तारखेची आणि कशाच्या आधारे झाली, हे वहीत टिपत गेल्यास कायद्याचे पुस्तक आपोआप उलगडू लागते.

ठरावाकडे विशेष बारकाईने पाहावे. विषयपत्रिकेवरील विषय, त्यावरील कार्यालयीन टिपणी, सूचक आणि अनुमोदक यांची नावे, आणि मंजूर झालेला मजकूर या चार गोष्टी परस्परांशी जुळल्या पाहिजेत. 'सदर कामास मंजुरी देण्यात येत आहे' एवढेच लिहिलेला ठराव अपुरा असतो. कोणते काम, कोठून कोठपर्यंत, किती रकमेचे आणि कोणत्या निधीतून, हे त्यात आले नाही, तर दोन वर्षांनी लेखापरीक्षक तीच शंका उपस्थित करतात आणि तोवर टिपणी लिहिणारा बदलून गेलेला असतो.

१९६५ च्या अधिनियमातील कलम ५८(२) आणि कलम ३०८ यांचा उल्लेख कार्यालयात वारंवार कानावर पडेल. पहिल्यानुसार, लोकांच्या सेवेसाठी किंवा सुरक्षिततेसाठी तातडीने करावे लागणारे काम करण्याचे निर्देश नगराध्यक्ष देऊ शकतात, मात्र ते सभेच्या आदेशाविरुद्ध असता कामा नये आणि त्याचा अहवाल पुढील सभेपुढे ठेवावा लागतो. पाइपलाइन फुटणे ही अशी निकड आहे, परंतु आधीपासून ठाऊक असलेले काम तातडीचे म्हणून पुढे करणे योग्य नाही, आणि टिपणी लिहिणाऱ्याने ते स्पष्ट नमूद करावे. दुसऱ्यानुसार, जिल्हाधिकारी ठरावाची अंमलबजावणी तहकूब करू शकतात.

कर विभागात येणाऱ्यांनी चतुर्थ वार्षिक, म्हणजे दर चार वर्षांनी होणाऱ्या, कर आकारणीची जुनी कागदपत्रे अवश्य पाहावीत. मालमत्तांची मोजणी, करयोग्य मूल्य, यादीची प्रसिद्धी, हरकती, सुनावणी आणि अंतिम यादी या क्रमातील एखादा टप्पा घाईत उरकला, तर त्याचे परिणाम पुढील चार वर्षे वसुलीवर होतात. सुनावणीच्या वेळी घरमालकाला त्याच्या घराचे मोजमाप कागदावर दाखवून समजावले, की निम्मी नाराजी तेथेच ओसरते, हे मी अनेकदा पाहिले आहे.

राज्यस्तरीय संवर्गातून आलेले अधिकारी बदलीपात्र असतात, तर स्थानिक आस्थापनेवरील लिपिक, मुकादम आणि वसुली कर्मचारी सेवाभर त्याच गावात असतात. कोणती जलवाहिनी कोठे आडवी जाते आणि कोणत्या वाड्याची वाटणी न्यायालयात अडकली आहे, हे अनेकदा त्यांच्याच स्मरणात असते. पदाने आपण वरिष्ठ असलो, तरी ही माहिती विचारून घ्यावी आणि तीवर विसंबण्याऐवजी ती नोंदवहीत उतरवून ठेवावी. कार्यभार स्वीकारताना प्रलंबित लेखाआक्षेपांची, न्यायालयीन प्रकरणांची आणि लोकसेवा हक्क अधिनियमाखाली मुदत ओलांडलेल्या अर्जांची यादी सहीनिशी मागावी. ती तयार नाही असे उत्तर मिळाले, तर तसे लिहून मुख्याधिकाऱ्यांच्या निदर्शनास आणावे आणि ती स्वतः तयार करण्यास सुरुवात करावी.