खेळाला साजेसा फासा कसा निवडावा आणि तो कसा पारखावा

वेरूळच्या २१ क्रमांकाच्या लेण्यात, म्हणजे रामेश्वरात, शिव-पार्वती फासे खेळत असल्याचे शिल्प आहे. फाशांशी मराठवाड्याची ओळख इतकी जुनी असूनही दुकानात फासा घेताना आपण रंगापलीकडे फारसे काही पाहत नाही. पटावरचे सगळे डावपेच ज्या आकड्यावर अवलंबून असतात तो आकडा देणारी वस्तू निःपक्षपाती असलीच पाहिजे, आणि ती तशी आहे का हे घरच्या घरी पाहता येते.

आधी खेळ कोणता ते ठरवावे. लुडो किंवा सापशिडीसाठी सहा बाजूंचा एकच फासा लागतो व प्रत्येक आकड्याची शक्यता सारखी असते. व्यापारसारख्या खेळात दोन फासे एकत्र पडतात तेव्हा एकूण ३६ प्रकारच्या जोड्या संभवतात. त्यांपैकी बेरीज ७ होण्याचे सहा प्रकार, तर २ किंवा १२ होण्याचा प्रत्येकी एकच. म्हणूनच हरवलेल्या फाशांच्या जागी २ ते १२ आकड्यांच्या चिठ्ठ्या काढल्या, तर तो खेळ मूळचा राहत नाही. अलीकडच्या कथाप्रधान खेळांना ४, ८, १०, १२ आणि २० बाजूंचे फासेही लागतात. ते सुटे न घेता संच घ्यावा.

चल्लस आठ खेळायचे असेल तर मात्र बाजारात जाण्याची गरज नाही. चिंचोके मधोमध फोडले की प्रत्येक फाकेची एक बाजू पांढरी व एक तपकिरी मिळते. चार फाका टाकून पांढऱ्या बाजू मोजतात. चारही पांढऱ्या पडल्या तर चल्लस म्हणजे चार, आणि चारही तपकिरी पडल्या तर आठ. दोन्ही बाजू सारख्याच वेळा पडतात असे धरले, तर आठ पडण्याची शक्यता सोळात एक आणि दोन पडण्याची सोळात सहा येते. प्रत्यक्षात फाकेची पाठ फुगीर असल्याने हे गणित थोडे सरकते. म्हणून एकाच मापाचे चिंचोके निवडावेत, फुटलेली बाजू खरखरीत फरशीवर घासून सपाट करावी आणि दोन्ही पक्षांनी तेच चार वापरावेत.

सहा बाजूंचा फासा हातात घेतल्यावर समोरासमोरच्या बाजूंची बेरीज ७ होते का, हे प्रथम पाहावे. नंतर कोपरे एकसारखे घासलेले आहेत का ते बोटाने चाचपावे आणि शक्य असल्यास व्हर्नियर कॅलिपरने तिन्ही दिशांची जाडी मोजावी. ठिपके कोरून पोकळ ठेवलेल्या फाशात ६ ची बाजू किंचित हलकी होते. कॅसिनोच्या फाशांत म्हणूनच ठिपक्यांच्या खळग्यांत तितक्याच घनतेचा पदार्थ भरतात, आणि आत काही दडवलेले नाही हे दिसावे म्हणून फासा पारदर्शक ठेवतात. हा फरक काल्पनिक नाही. इंग्रज जीवशास्त्रज्ञ वेल्डन यांनी १८९४ मध्ये बारा फासे २६,३०६ वेळा टाकल्याची नोंद केली, तेव्हा ५ व ६ हे आकडे अपेक्षेपेक्षा थोडे अधिक पडलेले आढळले.

फाशाबद्दल शंका असेल तर ती मोजून फेडावी. साठ वेळा टाकून काहीच ठरत नाही; दोघांनी मिळून, एकाने टाकावे व दुसऱ्याने लिहावे असे करत, ६०० वेळा टाकावे. प्रत्येक आकडा सुमारे १०० वेळा अपेक्षित असतो. प्रत्येकाचा १०० शी असलेला फरक काढून त्याचा वर्ग करावा, सहाही वर्गांची बेरीज करावी आणि तिला १०० ने भागावे. समजा ९२, १०४, ९७, ११०, ८९ व १०८ अशी नोंद आली, तर वर्गांची बेरीज ३७४ आणि उत्तर ३.७४ येते; एवढा चढउतार निर्दोष फाशातही होतोच. उत्तर ११.०७ च्या वर गेले तर तो फासा संशयास्पद समजावा, पण लगेच फेकून देऊ नये, कारण चांगला फासाही सरासरी वीस चाचण्यांत एकदा ही मर्यादा ओलांडतो. पुन्हा ६०० वेळा टाकल्यावरही तोच आकडा पुढे राहिला, तर मात्र तो पटावरून काढून ठेवावा.

वयस्कर खेळाडूंसाठी ठळक ठिपक्यांचा मोठा फासा घ्यावा, आणि तीन वर्षांखालील मुलांच्या हाती लहान फासे मुळीच लागू देऊ नयेत.