भाडे महिन्याचे, भत्ता वर्गाच्या दिवसांचा: अमेरिकी लष्करातून महाविद्यालयात जाताना

अमेरिकी लष्करात चार वर्षे काढून मी जून 2018 मध्ये बाहेर पडलो आणि त्याच वर्षी सप्टेंबरात न्यू जर्सीतील एका सरकारी विद्यापीठात पदवीच्या पहिल्या वर्गात जाऊन बसलो. पंधराव्या वर्षी आईवडिलांबरोबर साताऱ्याहून एडिसनला आलो तेव्हा आमच्याकडे ग्रीन कार्ड होते, आणि भरतीसाठी ते पुरेसे ठरले. केवळ विद्यार्थी व्हिसावर आलेल्यांना हा मार्ग खुला नाही, हे आधीच सांगून ठेवतो, कारण भारतातून शिकायला आलेली मुले हाच प्रश्न मला सर्वांत आधी विचारतात. ज्यांनी सेवा केली आहे किंवा जे सध्या करीत आहेत आणि पुढे शिकू इच्छितात, त्यांच्यासाठी हे लिहीत आहे; आणि विषय एकच आहे, तो म्हणजे शिकत असताना मिळणारा घरभाडे भत्ता. शिक्षणशुल्काबद्दल भरतीच्या वेळेपासून सगळे सांगत असतात. भत्त्याचा हिशेब मात्र कोणी समजावून देत नाही, आणि पहिल्या वर्षी माणूस अडतो तो इथेच.

ज्या कायद्याखाली हा भत्ता मिळतो त्याला सर्वजण पोस्ट-नाइन-इलेव्हन जीआय बिल म्हणतात. तो 30 जून 2008 रोजी मंजूर झाला आणि 1 ऑगस्ट 2009 पासून लागू झाला. 10 सप्टेंबर 2001 नंतर एकूण 36 महिने प्रत्यक्ष सेवा झालेली असेल तर लाभ शंभर टक्के मिळतो. सेवा कमी असेल तर टक्केवारी पायरीपायरीने उतरते आणि किमान 90 दिवसांच्या सेवेला ती 50 टक्के असते. ही टक्केवारी शुल्काप्रमाणेच घरभाड्यालाही लागू होते, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. लाभ एकूण 36 महिन्यांचा असतो. सरकारी विद्यापीठात, राज्यातील रहिवाशांसाठी असलेल्या दराने, शुल्क थेट संस्थेकडे जाते. पुस्तकांसाठी वर्षाला जास्तीत जास्त 1,000 डॉलर आणि घरभाड्याचा मासिक भत्ता विद्यार्थ्याच्या खात्यावर जमा होतो. या रकमांवर आयकर नाही.

भत्त्याची रक्कम ठरते ती लष्करातल्या बीएएच या नेहमीच्या घरभाडे भत्त्यावरून. सेवेत असताना बीएएच हुद्द्याप्रमाणे, कुटुंब आहे की नाही त्याप्रमाणे आणि नेमणुकीच्या ठिकाणाप्रमाणे बदलते. विद्यार्थ्यांसाठी मात्र सर्वांना एकच माप आहे: ई-5 म्हणजे सार्जंट हुद्द्याच्या, कुटुंब असलेल्या सैनिकाला त्या भागात जो बीएएच मिळतो तो. मी ई-4 या हुद्द्यावरून सुटलो आणि अविवाहित होतो, तरी मला तोच दर लागला. माझ्या शेजारच्या बाकावर बसणारा माजी कॅप्टन दोन मुलांचा बाप होता, त्यालाही तोच. दर वर्षी 1 ऑगस्टला नवा दर लागू होतो. ज्यांनी जीआय बिलाचा पहिला उपयोग 1 जानेवारी 2018 पूर्वी केला आहे त्यांच्यासाठी दरांचा तक्ता वेगळा असून तो किंचित चढा आहे; तेव्हा जुन्या विद्यार्थ्याने सांगितलेला आकडा आपल्याला लागू होईलच असे धरू नये.

ठिकाण ठरते ते संस्थेच्या झिप कोडवरून. आपण राहतो कुठे याचा त्याच्याशी काहीही संबंध नाही. 1 ऑगस्ट 2018 पासून ज्या आवारात तुमचे सर्वाधिक वर्ग प्रत्यक्ष भरतात त्या आवाराचा झिप कोड धरला जातो; त्यापूर्वी विद्यापीठाचे मुख्य आवार धरले जाई. न्यू जर्सीत हा फरक डोळ्यांत भरतो, कारण एकाच विद्यापीठाचे एक आवार नेवार्कला आणि दुसरे कॅम्डेनला असू शकते, आणि कॅम्डेन हे लष्कराच्या हिशेबात फिलाडेल्फियाच्या क्षेत्रात मोडते. प्रवेश घेण्याआधी व्हेटरन्स अफेअर्स या माजी सैनिकांसाठीच्या सरकारी विभागाच्या संकेतस्थळावरील जीआय बिल कम्पॅरिझन टूलमध्ये आपल्या आवाराचे नाव घालून रक्कम पाहून घ्यावी. भाडेकरार मागितला जात नाही, भाड्याची पावतीही नाही. आईवडिलांच्या घरी राहूनही भत्ता पूर्ण मिळतो. माझ्या आईने मला नेमके हेच सुचवले होते, आणि मी ते ऐकले नाही.

टेक्सासमधील फोर्ट हूड या लष्करी तळाच्या बॅरेकमध्ये राहणाऱ्या अविवाहित शिपायाला घरभाड्याचा प्रश्न कधी पडतच नाही. खोली लष्कराची, जेवण मेसचे, आणि पगार महिन्यातून दोनदा ठरल्या तारखेला हमखास. त्या सवयीत मी विद्यापीठाजवळ 1 ऑगस्टपासून दोन खोल्यांची जागा घेतली आणि वहीत लिहिले: भत्ता दरमहा इतका, भाडे दरमहा इतके, उरले इतके. ते पान अजून माझ्याजवळ आहे. त्यातली बेरीज-वजाबाकी बरोबर आहे, पण ‘दरमहा’ हा शब्द चुकलेला आहे. भत्ता महिन्याचा म्हणवतो खरा, पण तो मोजला जातो वर्ग चालू असलेल्या दिवसांवर, आणि हातात पडतो महिना संपल्यानंतर.

हिशेब सोपा व्हावा म्हणून भत्ता महिना 3,000 डॉलर आहे असे धरू. महिना तीस दिवसांचा मानतात, म्हणजे दिवसाला 100 डॉलर. आमचे सत्र 4 सप्टेंबरला सुरू झाले. तेव्हा सप्टेंबरचे 27 दिवस, 2,700 डॉलर, आणि ते मिळणार ऑक्टोबरच्या सुरुवातीस. ऑगस्ट आणि सप्टेंबर या दोन महिन्यांचे भाडे, शिवाय अनामत रक्कम, हे सारे गाठीच्या पैशांतून गेले. सुटताना शिल्लक रजेचे जे पैसे मिळाले होते ते तिथेच संपले. ऑक्टोबर आणि नोव्हेंबर पूर्ण भरले आणि मी निर्धास्त झालो. मग परीक्षा 21 डिसेंबरला संपल्या, आणि जानेवारीच्या सुरुवातीला आले 2,100. पुढचे सत्र 22 जानेवारीला सुरू झाले, त्यामुळे जानेवारीचे दिवस धरले गेले नऊ, आणि फेब्रुवारीच्या सुरुवातीला खात्यावर पडले 900 डॉलर. घरमालकाला मात्र दर महिन्याच्या पहिल्या तारखेला पूर्ण भाडे हवे होते, आणि ते त्याचे रास्तच मागणे होते. त्या फेब्रुवारीत मी वडिलांना फोन करून पैसे मागितले. चार वर्षे स्वतःच्या पगारावर राहिल्यानंतर ते शब्द तोंडातून काढणे मला फार जड गेले. वडिलांनी एकही प्रश्न न विचारता पैसे पाठवले.

पूर्वी दोन सत्रांमधल्या सुट्टीचेही पैसे मिळत असत; 1 ऑगस्ट 2011 पासून ते बंद झाले. या बदलाची दुसरी बाजू मात्र सांगितली पाहिजे, कारण ती न्याय्य आहे: ज्या दिवसांचा भत्ता मिळत नाही ते दिवस तुमच्या 36 महिन्यांतूनही वजा होत नाहीत. म्हणूनच 36 महिन्यांत चार शैक्षणिक वर्षे बसतात. ही गोष्ट नीट उमजली तर सुट्टीतला खाडा हा तोटा न वाटता आधीच माहीत असलेला खर्च वाटू लागतो. माझा स्वतःचा नियम असा झाला की, ऑक्टोबर, नोव्हेंबर, मार्च आणि एप्रिल या पूर्ण महिन्यांच्या भत्त्यातून ठरावीक रक्कम वेगळ्या बचत खात्यात टाकायची आणि जानेवारी, फेब्रुवारी व उन्हाळ्याचे भाडे त्यातून द्यायचे. नव्याने येणाऱ्याने किमान तीन महिन्यांचे भाडे हाताशी असल्याशिवाय करारावर सही करू नये, असे मला मनापासून वाटते.

दुसरी अट आहे ती अभ्यासक्रमाच्या भाराची. हा भार क्रेडिटमध्ये मोजतात, म्हणजे प्रत्येक विषयाला ठरवून दिलेल्या गुणांकात; पदवीच्या नेहमीच्या सत्रात 12 क्रेडिट म्हणजे पूर्ण भार. भत्ता मिळण्यासाठी भार अर्ध्याहून अधिक हवा. बरोबर अर्धा चालत नाही. सहा क्रेडिट घेतले तर 50 टक्के होतात आणि घरभाड्याचा एक डॉलरही मिळत नाही. सात घेतले तर 58 टक्के होतात, ते जवळच्या दहात धरून 60 टक्के मानले जातात आणि भत्त्याचे 60 टक्के मिळतात. एका क्रेडिटने एवढा फरक पडतो. माझ्याबरोबर सुटलेल्या एका मित्राने नोकरी सांभाळत सहा क्रेडिट घेतले आणि दोन महिने तो भत्त्याची वाट पाहत राहिला. उन्हाळ्याच्या छोट्या सत्राचे गणित वेगळे असते: क्रेडिटना 18 ने गुणून सत्राच्या आठवड्यांनी भागतात, त्यामुळे आठ आठवड्यांत घेतलेले सहा क्रेडिट साडेतेराच्या बरोबरीचे, म्हणजे पूर्ण भाराचे ठरतात.

शिवाय मोजले जातात ते फक्त पदवीसाठी आवश्यक असलेले विषय. आवडीचा म्हणून घेतलेला एखादा वर्ग पदवीच्या आराखड्यात बसत नसेल तर संस्थेला तो व्हेटरन्स अफेअर्स विभागाकडे कळवता येत नाही. याला सवलत फक्त शेवटच्या सत्रात आहे: पदवीला दोनच विषय उरले असतील, तर भार पूर्ण करण्यासाठी इतर विषय घेता येतात.

ऑनलाइन वर्गांबाबत 2019 च्या उन्हाळ्यात माझी चूक झाली. दोन्ही विषय मी घरबसल्या घेतले, कारण गाडीचा खर्च वाचेल असा माझा अंदाज होता. सर्वच वर्ग ऑनलाइन असतील तर भत्ता देशभराच्या सरासरीच्या निम्माच मिळतो. एक जरी वर्ग प्रत्यक्ष आवारात असेल तर त्या आवाराचा स्थानिक दर लागतो. महाग भागात शिकणाऱ्याला यात महिन्याकाठी पेट्रोलच्या कितीतरी पट नुकसान होते. मार्च 2020 मध्ये महामारीमुळे सगळे वर्ग एकाएकी ऑनलाइन झाले तेव्हा आमच्यापैकी अनेकांना याच नियमाची धास्ती वाटली होती, पण काँग्रेसने, म्हणजे अमेरिकी संसदेने, त्याच महिन्यात कायदा करून भत्ता पूर्वीच्या दराने चालू ठेवला.

जे अजून सेवेत आहेत त्यांच्यासाठी एक वेगळी गोष्ट. सेवेत असताना जीआय बिल वापरता येते, परंतु त्याचा घरभाडे भत्ता मिळत नाही, कारण सैनिकाला त्याचे बीएएच किंवा राहण्याची जागा मिळतच असते. म्हणून सेवेत असेपर्यंत ट्यूशन असिस्टन्स या लष्कराच्या वेगळ्या शुल्क-मदतीतून शिकावे आणि 36 महिन्यांतला एकही दिवस तिथे खर्च करू नये, असे माझे मत आहे. प्रति क्रेडिट 250 डॉलरपर्यंत ती मदत मिळते. लाभ कुटुंबाकडे वळवायचा असेल तर तो अर्ज सेवेत असतानाच करावा लागतो: सहा वर्षे सेवा झालेली हवी आणि आणखी चार वर्षे करण्याची तयारी हवी. आमच्या ओळखीच्या एका मराठी घरात पत्नी वायुदलात आहे आणि पती तिच्या लाभावर शिकतो. ती सेवेत आहे तोवर त्याला घरभाडे मिळत नाही. उद्या त्यांची मुलगी त्याच लाभावर शिकली तर तिला मात्र आई सेवेत असतानाही मिळेल.

कागदपत्रांचा भाग थोडक्यात सांगण्यासारखा आहे. सुटताना मिळणारा डीडी-214 हा सेवामुक्तीचा दाखला जपून ठेवावा, अर्ज ऑनलाइन करावा आणि आलेले सर्टिफिकेट ऑफ एलिजिबिलिटी, म्हणजे पात्रतेचे प्रमाणपत्र, विद्यापीठातील स्कूल सर्टिफाइंग ऑफिशियलकडे द्यावे. ही व्यक्ती तुमच्या भत्त्याच्या दृष्टीने प्राध्यापकांइतकीच महत्त्वाची आहे, कारण तुमचे विषय, आवार आणि तारखा तिने कळवल्याशिवाय पैसे सुटत नाहीत. नावनोंदणी झाल्याबरोबर तिला भेटावे. आता दर महिन्याच्या अखेरीस मोबाइलवर संदेश येतो आणि आपण अजून शिकत आहोत हे त्याला उत्तर देऊन कळवावे लागते. लागोपाठ दोन महिने उत्तर दिले नाही तर भत्ता थांबतो. एखादा विषय मध्येच सोडायचा असेल तर सोडण्यापूर्वी त्याच कार्यालयात जावे. भार कमी झाला की जास्तीचे दिले गेलेले पैसे परत मागितले जातात, आणि पुरेसे कारण नसेल तर ते सत्राच्या पहिल्या दिवसापासून मोजले जातात. पहिल्यांदा सहा क्रेडिटपर्यंत सोडल्यास कारण न विचारता सूट मिळते, पण ती आयुष्यात एकदाच.

पदवी मे 2021 मध्ये झाली आणि उरलेले महिने मी पदव्युत्तर शिक्षणासाठी वापरले. 1 जानेवारी 2013 रोजी किंवा त्यानंतर सुटलेल्यांना लाभ वापरण्याची मुदत नाही, त्यामुळे घाई नव्हती. 2022 च्या सप्टेंबरात शेवटचे सत्र सुरू झाले तेव्हा माझ्या नावावर एक महिना आणि काही दिवस शिल्लक होते. सत्र सुरू होताना लाभ शिल्लक असेल आणि तो मध्येच संपला, तर सत्राच्या अखेरपर्यंत तो वाढवून दिला जातो, हे मला त्याच सर्टिफाइंग कार्यालयातल्या बाईंनी आदल्या वसंतात सांगितले होते. म्हणूनच त्या उन्हाळ्यात एकही वर्ग न घेता, एका गोदामात काम करून, मी ते दिवस राखून ठेवले होते. ऑक्टोबरात लाभ संपला, तरी भत्ता डिसेंबरपर्यंत येत राहिला. शेवटचा हप्ता, डिसेंबरच्या वर्ग भरलेल्या दिवसांचा, जानेवारीच्या सुरुवातीला जमा झाला, आणि त्या महिन्याचे भाडे मी बचत खात्यातून आधीच भरून टाकलेले होते.