नेदरमधला ग्लोस्टोन वाया न घालवता कसा काढायचा

माइनक्राफ्ट या गेममध्ये ग्लोस्टोन (उजेड देणारा ठोकळा) नेदरच्या, म्हणजे पाताळासारख्या जगाच्या, छताला झुंबरासारखा लटकलेला सापडतो आणि खाली बहुतेक वेळा लाव्हाच असतो. तो हातानेही फुटतो, त्यामुळे खरी अडचण तिथवर पोचण्याची आणि फुटल्यावर पडणारी भुकटी वाचवण्याची आहे.

नेदररॅकचा (नेदरमधल्या साध्या दगडाचा) खांब रचत वर चढा. झुंबराच्या खाली आलात की आधी दगडी ठोकळ्यांचा रुंद ओटा बांधा आणि मगच फोडायला घ्या. ओटा नसेल तर भुकटी थेट लाव्हात पडून जळते. काठावर काम करताना स्नीक (दबकून चालणं, त्याने कडेवरून पडत नाही) सोडू नका. ओटा नेदररॅकचा नको, कारण गास्टच्या (नेदरमधल्या उडत्या राक्षसाच्या) एका आगीच्या गोळ्याने तो उडतो, कॉबलस्टोन (दगडी ठोकळा) टिकतो. सोबत आगीपासून वाचवणारं औषध ठेवाच.

साध्या अवजाराने एका ठोकळ्यामागे २ ते ४ भुकट्या मिळतात आणि ठोकळा परत बनवायला ४ लागतात. म्हणजे सरासरी चार ठोकळे फोडले की तीन ठोकळ्यांपुरतीच भुकटी हाती येते. अवजारावर सिल्क टच ही जादू असेल तर अख्खा ठोकळा मिळतो, दिव्यांसाठी तेच उत्तम. भुकटीच हवी असेल तर फॉर्च्यून ३ ही जास्त माल देणारी जादू वापरा, बहुतेक वेळा चार मिळतात. चारच्या वर कधीच नाही.

भुकटीने औषधाचा जोर वाढतो, पण वेळ घटतो: ताकदीचं औषध ३ मिनिटांवरून दीड मिनिटावर येतं. म्हणून लांबच्या मोहिमेसाठी त्यात वेळ वाढवणारा रेडस्टोनच (लाल भुकटी) घाला.

ग्लोस्टोनच्या उजेडाची पातळी १५, पाण्याखालीही तेवढीच.