भाकरी वाकडी झाली? तालुका सांगा!

सोलापुरात आमचा कडक भाकरीचा छोटा धंदा आहे. पत्र्याचं शेड, ओळीनं मांडलेल्या शेगड्या आणि आम्ही आठ-दहा बायका. मे महिन्यात बाहेरच पारा ४३ ला टेकलेला असतो, आत तव्यांची धग वेगळी. अशा वेळी कुणी "सकारात्मक राहा" म्हणालं तर हातातलं उलथणं फेकून मारावंसं वाटतं. पण आमचं शेड हसण्यावर चालतं, हे खरं आहे. ते आपोआप होत नाही, बसवावं लागतं. कसं, ते सांगते. भाकरीच्या जागी तुमचं ऑफिस, दुकान, अभ्यास काहीही ठेवा.

आधी एक भीती काढून टाका. "मला विनोद सांगता येत नाही" असं बऱ्याच जणी म्हणतात. सांगता यावाच लागत नाही. रॉबर्ट प्रोव्हाइन नावाच्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं माणसं कधी हसतात याची नोंद ठेवली होती. माणूस एकट्यानं असताना हसतो त्याच्या जवळजवळ ३० पट चारचौघांत हसतो, आणि बहुतेक हसू विनोदावर नाही, साध्यासुध्या बोलण्यावर येतं, असं त्याला दिसलं. म्हणजे चुटके पाठ करण्यात वेळ घालवू नका. चार माणसं एकमेकांचा आवाज ऐकू येईल अशी बसवा. आम्ही शेगड्यांची तोंडं भिंतीकडून आत फिरवली, निम्मं काम तिथंच झालं.

आता मुख्य गोष्ट. ज्वारीत गव्हासारखा चिकटपणा नसतो, म्हणून पीठ उकळत्या पाण्यात मळावं लागतं. पाणी कोमट पडलं किंवा पीठ जुनं होऊन त्याची इरी, म्हणजे धरून राहायची ताकद, गेलेली असली की थापताना कडा फाटतात आणि उचलताना मध्येच तुकडा पडतो. नवीन आलेली पोरगी काय करते? फाटलेली भाकरी गुपचूप फडक्याखाली सरकवते. तिला वाटतं, कुणी बघितलं नाही. आणि कुणी बघितलं नाही म्हणून पाणी थंड आहे हे तिला कुणी सांगतही नाही. दिवसभर ती तशाच फाडत बसते आणि संध्याकाळी म्हणते, "उद्यापासून येत नाही."

यावर आमचा एक खेळ आहे. भाकरी वाकडी झाली की ती सगळ्यांसमोर उचलून धरायची आणि सोलापूर जिल्ह्यातला कुठला तालुका झाला ते सांगायचं. तालुके ११ आहेत, त्यामुळं दिवस पुरतो.

"वैनी, हा बघा सांगोला."

"सांगोल्याला एवढं भोक कुठनं पडलं गं?"

"दुष्काळ हाय की!"

पाणी जास्त होऊन लगदा झाला तर तो माढा, उजनी फुटली म्हणायचं. एक नियम मात्र कडक आहे. बिघडलेल्या भाकरीला मंगळवेढा म्हणायचं नाही. ते ज्वारीचं कोठार, आपली मालदांडी ज्वारी तिथून येते, त्याची इज्जत ठेवायची. मंगळवेढा फक्त पातळ, गोल, पूर्ण फुगलेल्या भाकरीला. मग नवी पोरगीसुद्धा दोन-चार दिवसांत दबक्या आवाजात म्हणते, "अक्का, हा मंगळवेढा होईल का?"

यात गंमत आहेच, पण खरा उपयोग वेगळा. भाकरी लपवली जात नाही. समोर आली की शेजारची लगेच बोट लावून सांगते, "पाणी उकळू दे आधी." चूक दाखवायची लाज गेली की चूक दुरुस्त होते, आणि दुरुस्त झाली की दुसऱ्या दिवशी यायला पाय उचलतो. तुमच्या कामात जी गोष्ट लोक लपवतात, तिच्याभोवतीच असा खेळ रचा. तुकडे पडलेला माल वाया जात नाही म्हणा, दुपारी शेंगाचटणी आणि दह्याबरोबर आम्हीच संपवतो.

वस्तूंना नावं ठेवा. हा सगळ्यात सोपा उपाय. आमची एक शेगडी पेटायला नखरे करते, ती "जावई". वजनकाटा "सासूबाई", कितीही घाला, समाधान नाही. पाण्याचा टँकर "पाहुणे", येतो येतो म्हणतात आणि येत नाहीत. शेगडी पेटली नाही तर पूर्वी चिडचिड व्हायची आणि ती शेजारणीवर निघायची. आता "जावईबापू रुसले" म्हटलं की राग शेगडीवरच राहतो.

वेळ सांभाळा. परातीत उकळतं पाणी ओतताना कुणाला हसवायचं नाही, हात भाजतो. सकाळी पहिल्या तासात सगळ्या गप्पच असतात, तेव्हा जबरदस्ती नको. खरी गरज अकराच्या सुमाराला पडते, खांदे भरून येतात आणि ढीग काही कमी झालेला दिसत नाही तेव्हा. चांगला किस्सा असेल तर तो त्या वेळेसाठी राखून ठेवा.

आता बोचऱ्या चेष्टेचं. डॉ. मदन कटारिया यांनी १३ मार्च १९९५ ला मुंबईतल्या एका बागेत पाच जणांना घेऊन हास्य क्लब सुरू केला. सुरुवातीला तिथं विनोद सांगायचे. थोड्याच दिवसांत चांगले विनोद संपले, लागट नि चावट सुरू झाले, लोक नाराज झाले. मग त्यांनी विनोदच बंद करून नुसतं हसण्याचे व्यायाम घेतले. मला हे फार पटतं. विनोदाचा साठा संपला की माणसाचा हात शेजारच्या माणसाकडं जातो. म्हणून काही विषय आधीच बंद करून टाका. आमच्याकडं रंग, वजन, मूलबाळ, नवऱ्याची दारू, उधारी आणि कुणाची बोली हे बंद. शेडमध्ये मराठी, कन्नड, तेलुगू, उर्दू सगळ्या आहेत. बोलण्याची नक्कल एकदा सुरू झाली की चूल वेगळी व्हायला वेळ लागत नाही. आणि जिच्यावर चेष्टा झाली ती हसली नाही, तर "मजाक होता गं" म्हणायचं नाही. विषय बदलायचा आणि तिला चहा द्यायचा.

एकटं काम करत असाल तर? मी हिशेब लिहिताना आकाशवाणीच्या बातम्यांच्या थाटात मोठ्यानं बोलते: "आजच्या ठळक बातम्या. पिठाचे दर वाढले. मालकीणबाईंनी चष्मा डोक्यावर ठेवून तासभर शोधला." स्वतःवर हसण्याचेही दोन प्रकार आहेत. रॉड मार्टिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००३ मध्ये विनोदाच्या चार तऱ्हा मांडल्या. त्यात अडचणीकडं गमतीनं बघून स्वतःला सावरणं ही एक, आणि दुसऱ्यांना हसवायला स्वतःलाच खाली पाडणं ही वेगळी. "चष्मा डोक्यावर" चालेल. "मी मूर्खच, मला काही जमत नाही" हे हसत म्हटलं तरी नको.

आणि कुणाच्या घरी मयत झाली असेल, दवाखाना चालू असेल, तर खेळ बंद. तिच्या वाटणीच्या भाकऱ्या थापून द्यायच्या, बस. कुणी आठवडेच्या आठवडे गप्प असेल, खात-झोपत नसेल, तर तिथं चेष्टा उपयोगाची नाही. टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी सेवेचा १४४१६ हा नंबर लावून द्या, फुकट आहे.

सुरुवात उद्याच करायची असेल तर एकच वस्तू धरा, रोज त्रास देणारी, आणि तिला नाव द्या. दुसऱ्या कुणी ते नाव आपण होऊन वापरलं तर ते बसलं समजा. नाही वापरलं तर बदला. आमच्या जावयाला आधी "मंत्री" म्हणायचो, पण ते नाव काही टिकलं नाही. मंत्री निदान उद्घाटनाला तरी येतात.