पिन विकत घेण्याआधी रात्रपाळी बघा

माझ्या टेबलाच्या ड्रॉवरमध्ये दोन पिना आहेत. दोन्ही २०एमएनसीआर५ या (वरून कडक करता येणाऱ्या) पोलादाच्या, १२ मिमी व्यासाच्या, ६० मिमी लांब, ग्राइंडिंग करून चकचकीत केलेल्या. मायक्रोमीटर लावला तर दोन्ही बरोबर, रॉकवेल मशिनवर हार्डनेस (कठीणपणा) बघितला तर दोन्ही ५८ च्या वर. एक सँपलमधली आहे. दुसरी त्या लॉटमधली, ज्यातल्या पिनांच्या टेस्ट रिगवर खपल्या निघाल्या. आमच्याकडे नवीन मुलगा किंवा मुलगी रुजू झाली की मी या दोन पिना त्यांच्या हातात देते आणि फरक शोधायला सांगते. बाहेरून तो कुणालाच सापडत नाही.

मी चाकणला गाड्यांचे सुटे भाग जोडणाऱ्या कंपनीत सप्लायर क्वालिटी बघते. भोसरी, तळवडे, वाळूज, नाशिकचं सातपूर-अंबड, कास्टिंगसाठी कोल्हापूरचं शिरोली, असं फिरण्यातच माझी बरीच वर्षं गेली. सीएनसीवर, म्हणजे संगणकाच्या आज्ञेने चालणाऱ्या मशिनवर, बनणारा अचूक पार्ट बाहेरून घ्यायचा असेल तर काय बघायचं, हे या एका पिनेच्या आधाराने सांगते. पार्ट बदलला तरी बघायच्या जागा फारशा बदलत नाहीत.

आधी आपलं ड्रॉइंग

वेंडरकडे जाण्याआधी स्वतःच्या ड्रॉइंगवर तासभर बसा. कुठलं माप खरंच नाजूक आहे, ते डिझाइनवाल्यांकडून वदवून घ्या. आमच्या पिनेचा व्यास होता १२ एच६, म्हणजे वरची मर्यादा १२.००० आणि खालची ११.९८९. अकरा मायक्रॉनची जागा (मायक्रॉन म्हणजे मिमीचा हजारावा भाग). ती गरजेची होती, कारण पिन बुशमध्ये (नळीसारख्या आधारात) फिरते. पण लांबीवरही कुणीतरी ±०.०२ लिहून ठेवलं होतं आणि त्याचं कारण कुणालाच सांगता येईना. ते ±०.१ केल्यावर फेस ग्राइंडिंगचं एक ऑपरेशन गळलं आणि भाव खाली आला. विनाकारण आवळलेल्या टॉलरन्सचे (मापातल्या मुभेचे) पैसे दर पिनेमागे, वर्षानुवर्षं मोजावे लागतात.

‘शार्प एजेस नसाव्यात’ एवढं लिहून थांबू नका. चॅम्फर (कडेचा तिरका छाट) किती, बर (कापल्यावर कडेला उरणारी धातूची कुसं) कुठे अजिबात चालणार नाही, हे आकड्यात लिहा. पार्टला आडवं भोक असेल तर आतल्या बाजूची बर कशाने काढायची आणि कशाने तपासायची हेही त्यातच ठरवा. पुढचे निम्मे वाद तिथेच मिटतात.

कोटेशन मागवताना एकगठ्ठा भाव घेऊ नका, फोड मागा. मटेरियल स्वतः मोजून बघा. १३ मिमीचा बार, लांबी ६० आणि वर पार्टिंग-फेसिंगला (तोडायला आणि टोक सपाट करायला) ४ मिमी धरले तर एका पिनेला सुमारे ६७ ग्रॅम पोलाद लागतं आणि तयार पिन भरते ५३ ग्रॅम. तीन मीटरच्या बारमधून, चकमध्ये उरणारा तुकडा सोडला तर, ४५ पिना निघतात. हे गणित हातात असलं की समोरच्याने मटेरियल ५० ग्रॅमच धरलंय हे लगेच लक्षात येतं. असा भाव बघून खूश होऊ नका. तो माणूस एक तर चुकलाय, नाहीतर तोटा दुसरीकडून भरून काढणार आहे. सायकल टाइम, मशिन अवर रेट, हीट ट्रीटमेंट किलोमागे किती, ग्राइंडिंग नगामागे किती, पॅकिंग, वाहतूक, सगळं वेगळं लिहून घ्या.

शेडमध्ये गेल्यावर

पहिल्यांदा गेलात की ऑफिसात चहा होतो, भिंतीवर वाहन उद्योगाच्या गुणवत्ता व्यवस्थेचं, आयएटीएफ १६९४९ चं, सर्टिफिकेट असतं. ते असावंच. त्याचा स्कोप आणि मुदत वाचा. मग उठा आणि आत जा.

आत गेल्यावर मी आधी लाल बिन (नापास तुकड्यांचा डबा) शोधते. लाल बिनमध्ये तुकडे असले, त्यावर तारीख आणि कारण लिहिलेलं असलं, तर मला बरं वाटतं. रिकामा आणि धुळीने भरलेला लाल बिन दिसला की मी विचारते, इन्सर्ट (मशिनमधलं कापणारं पातं) बदलल्यावरचा पहिला तुकडा कुठे गेला? सेटिंग पीस (माप लावताना निघणारे तुकडे) सगळ्यांकडे निघतात. ते लाल बिनमध्ये नसतील तर चांगल्या मालात गेले असण्याची शक्यता आहे.

मग मशिनवर लटकवलेला इन्स्पेक्शन शीट. एकदा एका शेडमध्ये मी सकाळी अकराला उभी होते आणि शीटवर बारा वाजताचं रीडिंग भरलेलं होतं. ऑपरेटर विशी-बाविशीचा होता. त्याला रागावून काही हशील नव्हतं. त्याला मायक्रोमीटर दुसऱ्या मशिनवरून मागून आणावा लागत होता आणि तासाचं उत्पादन त्याच्या नावावर लिहिलं जात होतं. दोष मालकाने लावलेल्या व्यवस्थेचा होता. म्हणून बघा: प्रत्येक मशिनजवळ त्याचं स्वतःचं माप घ्यायचं साधन आहे का, आणि ऑपरेटरला ते वापरायला वेळ दिलाय का.

साधनही योग्य हवं. अकरा मायक्रॉनच्या टॉलरन्सला ०.०१ मिमी लीस्ट काउंटचा मायक्रोमीटर म्हणजे किराणा दुकानाच्या काट्यावर सोनं तोलण्यासारखं. निदान एक मायक्रॉन दाखवणारं साधन पाहिजे, शक्यतो मास्टर (पक्क्या मापाचा नमुना) लावून चालणारा एअर गेज किंवा कंपॅरेटर. कॅलिब्रेशनचा स्टिकर बघाच, पण गेज आर अँड आर (साधन आणि मोजणारा माणूस यांमुळे मापात किती फरक पडतो याची चाचणी) मागायलाही विसरू नका. १० टक्क्यांच्या आत असेल तर उत्तम, ३० च्या वर असेल तर त्या साधनाच्या आकड्यांवर काहीच ठरवू नका. आणि तुकडा गरम असताना मोजतात का ते बघा. मापाचं प्रमाण तापमान जगभर २० अंश सेल्सियस धरलेलं आहे. मशिनवरून नुकताच काढलेला तुकडा मास्टरपेक्षा २० अंशांनी गरम असेल, तर १२ मिमी व्यासात जवळपास तीन मायक्रॉन खोटे दिसतात. अकरातले तीन! मे महिन्यात पत्र्याच्या शेडमध्ये हे रोज घडतं.

मटेरियलच्या कोपऱ्यात जा. बारच्या टोकाला रंग दिलाय का, हीट नंबरचा (पोलादाच्या एका ओतणीच्या क्रमांकाचा) टॅग आहे का, आणि तोच नंबर मिलच्या टेस्ट सर्टिफिकेटवर आहे का, हे जुळवून बघा. अर्धवट कापलेले बार जिथे टेकवून ठेवतात ती जागा सगळ्यात धोक्याची. ईएन८ आणि २०एमएनसीआर५ डोळ्यांना सारखेच दिसतात. ईएन८ मध्ये कार्बन ०.४ टक्क्यांच्या आसपास, दुसऱ्यात ०.२ च्या आसपास आणि सोबत क्रोमियम. रंग लावलेलं टोक आधी कापलं गेलं की उरलेला बार कशाचा, हे कुणीच सांगू शकत नाही. दर हीटमागे एक तुकडा बाहेरच्या लॅबमध्ये स्पेक्ट्रोला (घटक तपासायला) पाठवा. त्याला लागणारा खर्च एका परत आलेल्या लॉटपुढे काहीच नाही.

ती पिन कुठे चुकली

आता ड्रॉवरमधली दुसरी पिन. ड्रॉइंगवर केस डेप्थ, म्हणजे वरच्या कडक थराची जाडी, ०.६ ते ०.८ मिमी मागितली होती, ग्राइंडिंगनंतरची. सँपल वेंडरच्या मालकाने स्वतः उभं राहून बनवून घेतले होते. मऊ पिन १२.२० ला टर्न केली, हीट ट्रीटमेंटमध्ये ०.७५ ची केस आली, ग्राइंडिंगमध्ये प्रत्येक बाजूला ०.१० गेलं, उरली ०.६५. छान. आम्ही मंजूर केलं.

दुसऱ्या लॉटला रात्रपाळीत काय झालं, ते मी नंतर तिथे रात्री दोन वाजता जाऊन बघितलं. सेटर (मशिनचं माप लावणारा) घरी गेलेला. इन्सर्ट झिजला की माप हलतं आणि ऑफसेट द्यायची (मशिनमध्ये माप सुधारायची) परवानगी ऑपरेटरला नव्हती. पिन मायनसमध्ये गेली तर भंगार आणि बोलणी, प्लसमध्ये राहिली तर काहीच नाही. म्हणून तो संध्याकाळीच सेटरकडून माप मोठं ठेवून घ्यायचा. पिना १२.५० च्या आसपास निघत होत्या. मी विचारलं तर साधेपणाने म्हणाला, “ग्राइंडिंगला निघून जाईल की, मॅडम.”

निघून जात होतं, ते खरं. पण प्रत्येक बाजूला ०.२५ निघत होतं. ०.७५ मधून ०.२५ गेले, केस उरली ०.५०. पिनेचं अंतिम माप अगदी बरोबर, वरचा हार्डनेस बरोबर, आणि कातडी पातळ. दाब आल्यावर खालचा मऊ गाभा दबला आणि वरचे टवके उडाले. त्यात जास्तीचं ग्राइंडिंग वेळेत उरकायला जाड कट घेतलेले, त्यामुळे काही पिनांवर ग्राइंडिंग बर्नही (घासण्याच्या उष्णतेने करपणं) होता. तो साध्या डोळ्यांना दिसत नाही, नायटलमध्ये (अल्कोहोलमधल्या नायट्रिक आम्लात) बुडवल्यावर काळे डाग उठतात.

यातून मी माझी पद्धत बदलली. अंतिम ड्रॉइंगसोबत मी आता मधल्या टप्प्यांची मापंही मंजूर करते: टर्निंगनंतर १२.२० ते १२.२५, हीट ट्रीटमेंटनंतर केस ०.७५ ते ०.८५, मग ग्राइंडिंग. कार्ब्युरायझिंग (वरच्या थरात कार्बन मुरवणं) बाहेर होत असेल तर त्या हीट ट्रीटरकडेही जाते. त्याचं सीक्यूआय-९ (वाहन उद्योगाचं हीट ट्रीटमेंटसाठीचं) ऑडिट झालंय का, भट्टीचा चार्ट लॉटप्रमाणे जपून ठेवतात का, टेस्ट पीस खऱ्या पिनेचाच कापतात का, हे विचारते. ग्राइंडिंगनंतर लॉटमधली एक पिन आडवी कापायची आणि कडेपासून आतपर्यंत मायक्रोहार्डनेसची ओळ घ्यायची. ५५० एचव्ही (विकर्स कठीणपणा) जिथे येतो तिथपर्यंतची खोली म्हणजे आपली केस. ती पिन वाया जाते, जाऊ द्या.

म्हणूनच सांगते, वेंडर नक्की करण्याआधी एकदा रात्रपाळीत जा. आधी कळवून गेलात तरी चालेल. रात्री इन्सर्ट कोण बदलतो, ऑफसेट कोण देतो, माप बाहेर गेलं तर ऑपरेटर कुणाला फोन करतो आणि तो माणूस उचलतो का, एवढं विचारा. पीपॅपसाठी (उत्पादन सुरू करण्याआधीच्या मंजुरीसाठी) सलग निदान ३०० तुकडे उत्पादनाच्याच मशिनवर, उत्पादनाच्याच वेगाने काढायचे असतात. मी त्यातला निम्मा लॉट रात्रीचा मागते. सीपीके (मापं टॉलरन्सच्या आत किती आरामात बसतात याचा आकडा) १.६७ हवा म्हटलं की अकरा मायक्रॉनच्या टॉलरन्समध्ये सिग्मा (मापांचा विखुरलेपणा) जेमतेम १.१ मायक्रॉन असायला हवा, तोही माप बरोबर मध्यावर असेल तर. दिवसा आणि रात्री दोन्हींचे आकडे एकत्र करून हा सीपीके आला तरच मी सही करते.

बाकीचं थोडक्यात

कडक केलेल्या पार्टवर झिंक प्लेटिंग असेल तर प्लेटिंगनंतर चार तासांच्या आत, २०० अंशांच्या आसपास बेकिंग झालंच पाहिजे, नाहीतर आत शिरलेल्या हायड्रोजनने पार्ट ठिसूळ होऊन काही दिवसांनी आपोआप तुटू शकतो. बेकिंगच्या नोंदीत भट्टीत टाकल्याची वेळ बघा, फक्त ‘ओके’ नको. युरोपात जाणाऱ्या मालाला हेक्साव्हॅलंट क्रोम चालत नाही, ट्रायव्हॅलंट पॅसिव्हेशन (प्लेटिंगवरचा गंजरोधक थर) लिहून घ्या.

गंजाकडे पावसाळ्यात डोळ्यांत तेल घालून बघा. आमच्या चाकण-भोसरीकडे एमआयडीसीला गुरुवारी सुट्टी. बुधवारी संध्याकाळी धुतलेला माल तेल न लावता ट्रेमध्ये राहिला, तर जुलैमध्ये शुक्रवारी सकाळी त्यावर बोटांचे ठसे तांबूस उमटलेले असतात. धुतल्याबरोबर रस्ट प्रिव्हेंटिव्ह तेल, हातमोजे, व्हीसीआय (गंज रोखणारी वाफ सोडणारी) पिशवी आणि पिना एकमेकींवर आपटणार नाहीत असे खाचांचे ट्रे. पुठ्ठ्याचा खोका ओल धरतो, त्याचा पिनेला थेट स्पर्श नको.

आणि पैसे वेळेवर द्या. लघुउद्योगाला करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत, नसेल तर १५ दिवसांत पैसे देणं २००६ च्या कायद्याने बंधनकारक आहे, आणि मुदत टळून आर्थिक वर्ष संपेपर्यंतही पैसे दिले नाहीत तर तो खर्च आयकरात त्या वर्षी वजाही मिळत नाही. पण माझं कारण वेगळं आहे. पैसे अडकलेला मालक इन्सर्ट आणखी शंभर तुकडे ताणतो. मी ते पाहिलंय, आणि दोष निम्मा आमचा होता हे वरिष्ठांना सांगितलंही आहे.

करारात एक ओळ न विसरता टाका: मशिन, जागा, बारचा पुरवठादार, हीट ट्रीटर किंवा ग्राइंडिंगवाला बदलायचा असेल तर आधी लेखी कळवायचं आणि आमची मंजुरी येईपर्यंत थांबायचं.

त्या पिनेचा वेंडर आम्ही बदलला नाही. त्याने झालं ते कबूल केलं आणि सगळा माल स्वखर्चाने परत नेला. आता त्याच्या रात्रपाळीच्या ऑपरेटरला पाच मायक्रॉनपर्यंत ऑफसेट द्यायची परवानगी आहे, आणि टर्निंगच्या मशिनला १२.२५ चा स्नॅप गेज (पिन त्यापेक्षा जाड असेल तर आत जाऊ न देणारं माप) साखळीने बांधलेला आहे.